तांदळात लिहिलेलं नाव

आईने कॅमेऱ्यासमोर बसण्याआधीच अट घातली. "माझं माहेरचं नाव तुझ्या फिल्ममध्ये येता कामा नये. माझ्या तोंडून नाही, दुसऱ्या कुणाच्या तोंडून नाही, लिहूनसुद्धा नाही. कबूल असेल तर बसते. नाहीतर डाळ भिजलीये, वाटायला घेते."

मी कबूल केलं. ती अट अजून पाळते आहे, त्यामुळे इथेही ते नाव येणार नाही. आणि आईचं झाकून इतरांची उघड करायची हे मला पटेना, म्हणून मग कुणाचंच नाही.

मी डॉक्युमेंटरी करते. नातेवाईक अजून विचारतात, "टीव्हीवर कधी येणार गं?" तर येत नाही. पोट भरतं ते लग्नांच्या व्हिडिओंवर आणि एमआयडीसीतल्या कारखान्यांसाठी हेल्मेट घाला, मास्क लावा असल्या फिल्मा करून. त्यातून दोन-तीन वर्षांनी एखादी स्वतःची. मागची ठाण्यातल्या एका हॉलमध्ये दाखवली तेव्हा समोरचे निम्मे लोक आमच्याच घरचे होते आणि त्यातला एक मामा घोरत होता. चालायचंच.

ही फिल्म मात्र फार वर्षं डोक्यात होती. लग्नांच्या कामात एक शॉट चुकवायचा नाही असा दंडकच असतो: ताटात तांदूळ पसरलेत, नवरा अंगठीने त्यात बायकोचं नवं नाव लिहितोय, मागे बहिणी खिदळतायत. हल्ली बऱ्याच मुली नाव बदलत नाहीत. तरी लिहितात, तेच जुनं नाव पुन्हा, फोटोपुरतं. पण डोंबिवलीतल्या आमच्या बिल्डिंगमध्ये ज्या साठी-सत्तरीच्या बायका आहेत, त्यांची नावं खरोखरीच बदललेली. मला त्यांना एवढंच विचारायचं होतं, की आधीच्या मुलीचं पुढे काय झालं?

तळमजल्यावरच्या काकू खुशीत होत्या. "मला तर बाई नवंच आवडलं. जुनं किती गावठी होतं!" समोरच्या मावशींना आधीचं नाव चटकन आठवेनाच. आठवलं तेव्हा त्या पदर तोंडाला लावून हसत सुटल्या आणि हसता हसता एकदम उठल्या. मग म्हणाल्या, चहा टाकते.

आई खुर्चीत ताठ बसली. चष्मा काढून हातात धरला.

"तुझ्या आत्याचं आणि माझं नाव एकच होतं," ती म्हणाली. "एका घरात एका नावाच्या दोघी नकोत, असं सासरी ठरलं. मला कुणी विचारलं नाही. ताट ह्यांच्या पुढ्यात होतं आणि गर्दीत मला बसवलं समोरच्या बाजूला. त्यामुळे माझं नवं नाव मी पहिल्यांदा बघितलं ते उलटं. लागेचना मला. सगळे टाळ्या वाजवतायत आणि मी आपली मान वाकडी करून वाचतेय, की बाई आपण आता कोण झालो. आणि ऐक, पुढच्याच वर्षी आत्याचं लग्न झालं, तिच्याही सासरी तिचं नाव बदललं. म्हणजे ज्या नावावरून एवढं झालं, त्या नावाचं आमच्या घरात कुणीच उरलं नाही."

"आणि बाबा?"

"त्यांचं काय! ज्यांनी एवढं कोरून लिहिलं, त्यांनी त्या नावाने कधी हाक मारली? अगं चहा. अगं टॉवेल. अगं माझा डबा. चव्वेचाळीस वर्षं नुसतं अगं."

मी विचारलं, "आणि ती आधीची मुलगी?"

"ती कल्याणलाच राहिली. तिचं मला विचारू नकोस. मला माहीत नाही." एवढं बोलून ती उठली आणि मिक्सर लावला. ते सगळं टेपवर आहे, मिक्सरसकट.

बाबा तेव्हा आतल्या खोलीत पेपर वाचत होते. म्हणजे पेपर हातात धरून बसलेले. त्यांना विसरायला लागून वर्ष होत आलेलं. आधी किल्ल्या, मग शेजाऱ्यांची नावं, मग जेवलो की नाही. डॉक्टरांनी सांगितलं, घरात वस्तूंवर, फोटोंवर नावं लावा, त्यांना आधार वाटेल.

हे माझं कामच. मुलाखतीत माणसाच्या छातीखाली नावाची पट्टी येते, ती मी रोज करते. मोठी, काळी, स्वच्छ अक्षरं. संडास. फ्रीज. गॅस, हात लावू नये. एका रविवारी बसून सगळं घर लेबलं लावून टाकलं. भिंतीवर आई-बाबांच्या लग्नाचा फोटो आहे, त्याच्याखाली आईचं सासरचं पूर्ण नाव लावलं आणि पुढे लिहिलं, 'तुमची पत्नी'. मला इतकं शहाणं वाटत होतं ना त्या दिवशी, काय सांगू.

एक गोष्ट माझ्या लक्षातच आली नाही. बाबांनी सारं आयुष्य एका केमिकल कंपनीच्या लॅबमध्ये काढलेलं. त्यांचा नियम आम्ही लहानपणापासून ऐकलेला: बाटलीवर चिठ्ठी आहे तर आत तेच आहे. चिठ्ठी नसेल तर फेकून द्यायची, वास घेऊन बघायचा नाही. घरातल्या माणसांचे चेहरे विसरले, पण हा नियम त्यांच्या हाडात मुरलेला. चिठ्ठी म्हणजे खरं.

दोन दिवस ते घरभर फिरून लेबलं वाचत होते, माना डोलावत होते. तिसऱ्या दिवशी लग्नाच्या फोटोसमोर उभे राहिले. बराच वेळ. मग मला म्हणाले, "ही माझी पत्नी. बरं. मग ती कुठे गेली?"

"कोण ती, बाबा?"

त्यांनी आईचं माहेरचं नाव घेतलं. मी ते नाव त्यांच्या तोंडून जन्मात ऐकलं नव्हतं.

"कल्याणला बघायला गेलेलो मी तिला," ते म्हणाले. "पारनाक्याजवळ घर. निळी साडी नेसलेली. मान वर करून बोलली, मला आवडलं ते. पोह्यांत मीठ नव्हतं. मी होकार देऊन आलेलो. शब्द दिलेला मी."

स्वयंपाकघरातून आईचा आवाज आला, "मीठ होतं." तेवढंच.

मी समजावलं, की बाबा, तीच ही. नाव बदललं फक्त. त्यांनी फोटोखालच्या पट्टीवर बोट ठेवलं आणि माझ्याकडे असं बघितलं, जसं लॅबमधल्या नवशिक्या पोराकडे बघत असतील. चिठ्ठीवर तर दुसरंच नाव आहे ना? मग ही दुसरीच. म्हणजे एका मुलीला होकार दिला आणि लग्न भलतीशीच केलं. माझ्या वडिलांनी कधी रिक्षावाल्यालाही दिलेला शब्द फिरवला नाही, आणि ह्या वयात त्यांना कळलं की आपण एका मुलीला फसवलं. ते खुर्चीत बसून रडले. मी बाबांना रडताना पहिल्यांदा बघितलं, आणि ते माझ्या पट्टीमुळे.

मी ती फाडली. दुसरी केली, दोन्ही नावं घालून. त्यांनी नीट वाचली. "खाडाखोड केलेली चिठ्ठी?" म्हणाले. "मग तर मुळीच विश्वास ठेवायचा नाही."

तिथून घर बिनसलं. आईला ते 'अहो बाई' म्हणायला लागले. चव्वेचाळीस वर्षं अगं-तुगं करणारा माणूस तिला 'तुम्ही' म्हणत होता, पाण्याचा पेला दोन्ही हातांनी परत देत होता. आणि तिच्या हातचं जेवेनात. "तुमचं चुकलं नाही हो, बाई," ते म्हणायचे. "पण मी आधी तिला भेटून येतो. तिची माफी मागतो. त्याशिवाय इथे बसून आयतं जेवायचं म्हणजे बरं नाही दिसत." माझ्या हातून चार घास जायचे, तेही मी घरी असले तर.

दुपार झाली की इस्त्रीचा शर्ट घालून तयार. एकदा माझा डोळा चुकवून निघालेच. दोन तास आम्ही सगळी डोंबिवली पालथी घातली. मग फोन आला शीळफाट्यावरच्या एका टपरीवाल्याचा. त्यांच्या सगळ्या शर्टांच्या खिशात मी नंबर शिवून ठेवलेला. कल्याणला जायला निघाले आणि उलट्या दिशेच्या बसमध्ये बसले. टपरीवाला हसत होता. "ताई, काका बोलतात पोरगी बघायला चाललोय. मी बोललो, काका, ह्या वयात?" मी पण हसले. रिक्षात बसल्यावर बाबांनी विचारलं, "ती वाट बघत असेल का अजून?"

दोन महिन्यांत त्यांचा गळ्याखालचा खड्डा दिसायला लागला. डॉक्टर म्हणाले, असंच चाललं तर नाकातून नळी घालावी लागेल.

उपाय समोर होता. मी आईला म्हटलं, "अगं, एकदा ओ दे ना. ते त्या नावाने विचारतात तेव्हा नुसतं ओ म्हण. तुझंच तर नाव आहे."

तिने हातातली पोळी तव्यावर तशीच टाकली.

"माझं? माझं होतं तेव्हा कुणी विचारलं मला? सातव्या दिवशी माहेरी गेले, तर माझी आईसुद्धा मला नव्या नावाने हाक मारायला लागली. म्हणे सवय व्हायला हवी. मी तीन दिवस ओ दिली नाही. चौथ्या दिवशी माझ्या वडिलांनी सगळ्यांसमोर विचारलं, ऐकू येत नाही का? तेव्हा दिली. मेले मी त्या दिवशी. आता ह्यांना ती हवीय! मी इथे चव्वेचाळीस वर्षं भाकऱ्या थापतेय, ती नको. ती हवी, जिचं नाव पुसलं. तू पण काय गं? नळी घालतील म्हणून मी ओ देऊ?"

"हो! तेवढ्यासाठीच दे!" मी ओरडले. "माणूस उपाशी मरतोय, आणि तू काय हिशेब..."

"तू गप्प बस. तुला काय, तुला फिल्म मिळतेय."

हे मात्र लागलं. कारण खोटं नव्हतं. त्या दोन महिन्यांत मी कॅमेरा बंद ठेवला होता, पण डोक्यात फ्रेम लावतच होते. ही सवयच वाईट. आम्ही दोघी आठ दिवस एकमेकींशी कामापुरतं बोललो. पोळी करपली ती वेगळीच.

शेवटी मीच फिल्म गुंडाळायचं ठरवलं. आमच्या घरातलं एकच काम राहिलेलं, खोलीचा आवाज. शूटिंग संपलं की ज्या खोलीत शूट केलं तिथे सगळ्यांनी एक मिनिट गप्प बसायचं आणि नुसत्या खोलीचा आवाज घ्यायचा. कॅमेरा नाही, बोलणं नाही. पुढे एडिटिंगमध्ये तुकडे जोडताना मधल्या फटी भरायला तो लागतो. प्रत्येक खोलीचा आवाज वेगळा असतो, हे मला सुरुवातीला कुणी सांगितलं तेव्हा मी त्याला वेड्यात काढलेलं.

माझा साउंड बघणारा मित्र दुपारी तीनला आला. त्याने पंखा बंद केला. फ्रीजची पिन काढली आणि स्वतःच्या स्कूटरची किल्ली फ्रीजमध्ये ठेवली. असं का, म्हणून बाबांनी विचारलं. "काका, पिन लावायला विसरू नये म्हणून. किल्ली घ्यायला फ्रीज उघडावाच लागतो, मग आठवतं." बाबा एकदम खूश झाले. "शिस्त आहे पोराला," मला म्हणाले.

ते फोटोखालच्या खुर्चीत बसले, अंगात इस्त्रीचा शर्ट. आई समोरच्या दिवाणावर. मधल्या टीपॉयवर बाबांचं दुपारचं ताट तसंच झाकून ठेवलेलं, वरणभात. मी दाराशी जमिनीवर. मित्राने हेडफोन लावला, हात वर केला, आणि मिनिट सुरू झालं.

कुठल्यातरी मजल्यावर कुकरची शिट्टी झाली. कबुतरं. जिन्यात कुणाच्या तरी चपला. पंखा नसल्यामुळे खोली फारच जवळची वाटत होती, एकमेकांचा श्वास ऐकू येत होता.

आणि बाबांनी ते नाव उच्चारलं.

विचारलं नाही, हाक मारली. बघायला गेलेल्या मुलाची हाक कशी असेल तशी, हळू, थोडी घाबरलेली. मी तोंड उघडणार तेवढ्यात मित्राने माझ्याकडे तळहात केला, थांब. त्याला आमच्या घरातलं काही माहीत नव्हतं. त्याचं रेकॉर्डिंग चालू होतं एवढंच त्याला ठाऊक.

आई मांडीवरच्या हातांकडे बघत होती. मी मनात म्हणत होते, दे गं, दे. आणि त्याच वेळी, खरं सांगते, असंही वाटत होतं की नको देऊस. तुला नसेल द्यायची तर अजिबात नको देऊस.

बाबांनी दुसऱ्यांदा हाक मारली.

"ओ," आई म्हणाली.

तो आवाज मी ओळखला नाही. आईचाच होता, पण मी कधी ऐकलेला नव्हता.

बाबांनी मान वर केली. तिच्याकडे बघितलं, आणि ह्या वेळी ते तिच्यापलीकडे कुणाला शोधत नव्हते. "आलीस?"

"हं."

"मला उशीर झाला गं."

"झाला," आई म्हणाली.

"मी शब्द दिलेला तुला."

"दिलेला."

"मग मी तुला कुठे सोडलं? मला आठवत नाही. माझं चुकलं. तू रागावली असशील."

आईने नजर काढली नाही. "रागावले होते. फार रागावले होते."

"अजून?"

आई उठली, ताटावरचं झाकण काढलं, भातावर तूप वाढलं, आणि कालवून घास त्यांच्यापुढे धरला. "गार झालंय. तरी खा," म्हणाली. खा. 'खा हो' नाही, 'घ्या' नाही. माझी आई माझ्या वडिलांशी आयुष्यात एकदाच एकेरीत बोलली, ते हे. त्यांनी तोंड उघडलं. सगळा भात संपवला. मी दाराशी बसून ढसाढसा रडत होते आणि मित्र हेडफोन काढून आतल्या खोलीत निघून गेलेला. घरी जाताना तो फ्रीजमधली किल्ली विसरला नाही, पिनही लावून गेला.

बाबा पुढे आठ महिने होते. नळी घालावी लागली नाही. रोज दुपारी ते हाक मारायचे आणि आई जिथे असेल तिथून ओ द्यायची, गॅलरीतून, न्हाणीतून, कधी चिडूनसुद्धा. "ओ, ओ, आले, हातात पीठ आहे माझ्या!" फोटोखालची पट्टी तिने काढून टाकली. नवी लावू दिली नाही. "त्यांना आता लागत नाही," म्हणाली. शेवटचे तीन आठवडे त्यांना बोलता येत नव्हतं, तेव्हा ती तीन वाजता उशाशी जाऊन बसायची. काही न ऐकताच हळूच ओ म्हणायची. मग ते डोळे मिटायचे.

दाखल्यावर, कागदांवर, सगळीकडे पत्नी म्हणून तिचं सासरचं नाव लागलं. तिने सही केली.

फिल्ममध्ये मी अट पाळली. बाबांची हाक कापली. पडद्यावर आमचा रिकामा हॉल दिसतो, पाच सेकंद शांतता, मग आईचं "ओ". ठाण्याला दाखवली तेव्हा एका बाईंनी हात वर करून विचारलं, त्या कुणाला ओ देतात? मी काहीतरी गुळमुळीत उत्तर दिलं. आई पहिल्या रांगेत होती. परत येताना रिक्षात म्हणाली, "बरं केलंस, कापलंस ते."

पण मूळ फाइल माझ्याकडे आहे. मित्राने तिला त्याच्या पद्धतीने नाव दिलेलं: हॉल, खोलीचा आवाज, खराब. मध्ये कुणी बोललं की ते मिनिट आमच्या कामाचं राहत नाही, म्हणून खराब. आईने ते एकदा स्क्रीनवर वाचलं आणि भडकली. "खराब काय त्यात? खोड ते." मी तो शब्द खोडला.

आता ती कधी कधी दुपारी माझ्या टेबलाशी येते. हात पदराला पुसते आणि म्हणते, "ते लाव." मी हेडफोन तिच्या कानांवर बसवते, फाइल लावते आणि माझ्या कामाकडे वळते. हेडफोन तिच्या कानांवर असतो, त्यामुळे मला ना कुकर ऐकू येतो, ना कबुतरं, ना बाबा. मी आपली पाठ करून बसते.

थोड्या वेळाने मागून आवाज येतो, "ओ."